कोपराच्या उंचीचा ओटा

हरणखेडा, जि. नांदेड
११ जून २०२३

ती. वीरण्णाकाकांना,

शि. सा. न. वि. वि. आणि विशेष असं की, तुमचा पुतण्या इथे रुजू होऊन तीन आठवड्यांत म्हातारा झाला आहे.

फोनच करणार होतो. पण मागच्या वेळी तुमचं कानाचं मशीन शिट्ट्या मारत राहिलं आणि मी इतका ओरडलो की शेजारच्या खोलीतले मास्तर दार वाजवून, सगळं ठीक आहे ना, म्हणून विचारून गेले. त्यापेक्षा पत्र बरं.

गाव नायगावच्या पुढे आहे. ग्रामपंचायतीची नगरपंचायत झाली तेव्हा पाटी बदलली, बाकी सगळं जागच्या जागी. मी स्वच्छता निरीक्षक म्हणून खुर्चीत बसतो न बसतो तोच वरून आलेलं एक पत्र पुढ्यात आलं. बसस्थानकामागच्या नाल्यावर उघड्यावर मटण आणि कोंबडी विकणारी नऊ दुकानं दहा जुलैच्या आत हटवा आणि अहवाल पाठवा. हटवून त्यांना बसवायचं कुठे, यावर त्या पत्रात अवाक्षर नाही. काका, नगरपंचायतीचा कायदा मी परीक्षेसाठी पाठ केला होता. बाजार आणि कत्तलखाना बांधून देणं, तिथे पाणी, गटार, तपासणी ठेवणं हे नगरपंचायतीवर बंधनकारक आहे, मर्जीचा मामला नाही. मी हे मुख्याधिकारी साहेबांना सांगितलं. ते म्हणाले, ते काम आपण बारा वर्षांपूर्वीच केलंय, मटण मार्केट तयार आहे.

आणि ते खरंच आहे. आठवडी बाजाराच्या मैदानाला लागून चांगली ठणठणीत इमारत. कुलूप गंजलेलं, किल्ली कोणाकडे आहे ते कोणालाच ठाऊक नाही. खिडकीतून डोकावलो तर आत मंडपवाल्याच्या खुर्च्या रचलेल्या दिसल्या. बारा वर्षांत एकही विक्रेता तिथे एक दिवस बसलेला नाही. नाल्यावरच्या नऊ जणांत सगळ्यात जुन्या सरजाबाई, खाटीक समाजातल्या, साठीच्या. नवरा गेल्यापासून वीस वर्षं दुकान त्याच सांभाळतात. त्यांना कारण विचारलं तर सुरी न थांबवता म्हणाल्या की किल्ली सापडली की आत जाऊन बघा, मग आम्हाला विचारायची गरज पडणार नाही.

तुमची हयात बांधकाम खात्यात गेली, त्यातली निम्मी नांदेड जिल्ह्यात. तयार इमारत सोडून माणसं नाल्याच्या वासात का बसतात आणि त्यांना आत न्यायचं कसं, एवढं सांगा. आखाड तोंडावर आहे. श्रावणाआधीचा हाच त्यांचा वर्षाचा धंदा, आणि ऐन त्यातच दहा तारीख.

मी रोज सकाळी मटणाच्या दुकानांतून फिरतो हे काकूंना सांगू नका.

लोभ आटू देऊ नये.
तुमचा,
शिवकुमार


लातूर
१७ जून २०२३

चि. शिवकुमारास,

अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र तुझ्या काकूनेच मला मोठ्यांदा वाचून दाखवलं, शेवटच्या ओळीसकट. माझा चष्मा दुरुस्तीला गेला आहे. तिचं म्हणणं असं की त्या दुकानांत जायचे कपडे वेगळे ठेव, खोलीवर आल्यावर आधी अंघोळ, मग विभूती, मग लिंगपूजा, मगच चहा. उदगीरच्या स्थळाला तिने तू नगरपंचायतीत अधिकारी आहेस एवढंच कळवलं आहे. कशाचा अधिकारी, हे लग्नानंतर सांगायचं ठरवून बसली आहे.

आता तुझा प्रश्न. तू नवा आहेस म्हणून गोंधळतोस. सरकार इमारत बांधून देतं आणि लोकांना तिची किंमत नसते. पस्तीस वर्षं हेच पाहिलं. शौचालयं बांधली, त्यात कडबा भरला. समाजमंदिर बांधलं, त्यात शेळ्या. उघड्यावर बसायची सवय लागली की भिंतीच्या आत माणसाचा जीव गुदमरतो, दुसरं कारण नाही. तू नोटीस बजाव. मुदत दे आणि मुदतीनंतर दुकानांवरचे पत्रे उचलायला लाव. एकदा जरब बसली की आपोआप आत जातील. विनवण्या करत बसलास तर तिथून निवृत्त होईपर्यंत विनवण्याच करशील.

त्या इमारतीवर कोनशिला आहे का? असेल तर तिच्यावर काय लिहिलं आहे? सहज विचारतो.

जेवणाची आबाळ करू नकोस. आशीर्वाद आहेतच, मागवायची गरज नाही.
तुझा काका,
वीरण्णा


हरणखेडा
२३ जून २०२३

ती. काकांना,

शि. सा. न. वि. वि.

कोनशिला आहे. तिच्यावर त्या वेळच्या सरपंचांचं आणि समितीच्या चार जणांचं नाव आहे. तुमचं नाही. तुमचं मला दुसरीकडे सापडलं, त्याकडे येतो.

तुमचं ऐकून मी एकोणीस तारखेला नऊ जणांना नोटिसा दिल्या. सरजाबाईंनी सही केली, कागदाची घडी घालून पिशवीत ठेवली आणि पुन्हा सुरी हातात घेतली. त्याचंच जास्त वाईट वाटलं. दुसऱ्या दिवशी मी कुलूप तोडायला लावलं आणि त्यांना आत घेऊन गेलो. म्हटलं, दाखवा काय अडचण आहे ती.

काका, मी इमारतीतलं काही शिकलेलो नाही, पण पाच मिनिटांत मला कळलं. ओटे गुडघ्याएवढे, मांडी घालून बसायचे. मटण काय मांडी घालून तोडतात? ओट्यांचा उतार पुढे, गिऱ्हाइकाच्या पायावर. आत गटार नाही. नळ नाही, नळासाठी भोकसुद्धा नाही. बोकड टांगायला एक आकडा नाही. खाली गुळगुळीत शहाबादी फरशी, चरबी सांडली की पाय घसरलाच. खिडक्यांना जाळी नाही. मात्र प्रत्येक ओट्यामागे भिंतीत टोपल्या ठेवायला सुंदर कप्पे केलेले आहेत. सरजाबाईंनी एका कप्प्यावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "साहेब, हे कांद्या-बटाट्याचं दुकान हाय. लई चांगलं बांधलंय, पर आमच्यासाठी न्हाई."

मग मी जुन्या दप्तरातून फाईल काढली. नकाशा सापडला. वर ठळक अक्षरांत "भाजी मार्केट" असं छापलेलं आहे, त्यातल्या "भाजी" शब्दावर काट मारून वर शाईच्या पेनने "मटण" लिहिलं आहे. बाकी रेघेला हात लावलेला नाही. खाली शाखा अभियंत्याची सही. ती सही ओळखायला मला चष्मा लागत नाही. आप्पा गेल्यापासून माझ्या प्रत्येक प्रगतिपुस्तकावर वडिलांच्या जागी तीच सही आहे.

तुम्हाला ठाऊक होतं. मागच्या पत्रात कडबा आणि शेळ्यांच्या गोष्टी सांगत होता तेव्हाही ठाऊक होतं. आणि तरी मला लिहिलंत की नोटीस बजाव.

आता पुढची हकिकत. मुख्याधिकारी साहेबांनी अहवाल तयारच ठेवलाय. इमारत वापरात नसल्याचं कारण, विक्रेत्यांचा असहकार. माझी सही झाली की नऊ जण दोषी, नगरपंचायत मोकळी, दहा तारखेला पत्रे उचलले जाणार. ही नऊ घरं मग कुठे जाणार, ते कोणत्याच रकान्यात नाही. मी सही केलेली नाही. चूक नकाशात आहे असं लिहायचं तर नकाशा जोडावा लागेल, आणि नकाशावर तुम्ही आहात.

काय करू ते सांगा. रागाने लिहिलं आहे, क्षमा मागत नाही.
शिवकुमार


लातूर
२८ जून २०२३

चि. शिवकुमारास आशीर्वाद.

रागाने लिहिलेलं पत्र दोन दिवस उशीखाली ठेवून मग पोस्टात टाकावं, हे मी तुला शिकवायला विसरलो.

तू फक्त नकाशा पाहिलास. फेब्रुवारी संपत आला होता. योजनेचा निधी एकतीस मार्चला परत जाणार होता. गावात मटण मार्केट झालं पाहिजे असा वरून तगादा. मटण मार्केटचा नमुना नकाशा आमच्याकडे नव्हता, भाजी मार्केटचा होता. समितीत पाच माणसं, पाचही माळकरी नाहीतर आपल्यातली. नकाशा टेबलावर फिरला, प्रत्येकाने मान हलवली. एकानेही विचारलं नाही की बोकड कुठे टांगणार, कारण एकालाही ठाऊक नव्हतं की बोकड टांगावा लागतो. बांधकामात एक पोतं सिमेंट कमी पडलं नाही, हे तू इमारत पाहून सांगू शकतोस. बारा पावसाळे काढले तिने.

झालं ते झालं. अहवालात नकाशा सदोष होता एवढं लिही, नाव घालू नकोस, नकाशाची प्रतही जोडू नकोस. श्रावणात मठात माझा सत्कार ठरला आहे. सत्तरीचा. पत्रिका छापून आल्या आहेत. लातुरात लोक काय म्हणतील याचा थोडा विचार कर. एवढं तरी तुझ्याकडून मागायचा मला हक्क आहे.

तुझा काका,
वीरण्णा

ता. क. : पत्र बंद केलं होतं, परत उघडलं. हरणखेड्याला माझी नेमणूक होती त्या दोन वर्षांत मी रोज त्या नाल्यावरून ऑफिसला जात होतो. दुकानं आली की नाकाला रुमाल लावून रस्त्याच्या पलीकडे व्हायचो. सरजाबाई तेव्हाही असतील तिथे. वीस पावलांवर माझं ऑफिस होतं. एकदा थांबून विचारलं असतं तर पुरलं असतं. हे तुला लिहायचं नव्हतं, पण लिहिल्याशिवाय पाकीट चिकटेना.


लातूर
३० जून २०२३

चि. शिवकुमार यास काकूचे आशीर्वाद.

मला पत्र लिहायची सवय नाही, तेव्हा चुका काढू नकोस. हे पत्र यांच्याच पिशवीत, डब्याच्या खाली घालून पाठवते आहे. ते वाचणार नाहीत. बायकांच्या पत्रात काय असतं, असं त्यांना वाटतं.

तुम्हा दोघांचा मला वीट आला आहे. तुझं पत्र आल्यापासून हा माणूस जेवत नाही, बोलत नाही, कानातलं मशीन काढून ठेवतो म्हणजे मीही बोलू नये. काल माळ्यावरची ट्रंक काढायला लावली. आतून मोजमापाची टेप काढली, तिला तेल लावलं. उद्या सकाळच्या गाडीने तुझ्याकडे निघाले आहेत. कशाला, हे मला सांगितलं नाही. मी विचारलंही नाही, कारण मला कळलं.

तुला एक गोष्ट सांगते, ती त्यांनी तुला सांगितली नसणार. बारा वर्षांमागे ते एकदा म्हणाले होते की नांदेडला जाऊन मटणाचा बाजार कसा असतो ते बघून येतो, नकाशा काढायचा आहे. तेव्हा मी म्हणाले, गेलात तर परत घरात यायचं नाही, चूल विटाळायची नाही, मी माहेरी जाईन. देवाचं घर, लिंगपूजा, मी केवढं तरी बोलले. ते गेले नाहीत. म्हणजे त्या कागदावर सही त्यांची असली तरी अर्धी माझी आहे. अहवालात लिहायचं असेल तर लिही, माझा काही सत्कार नाही.

त्यांना उन्हात उभं करू नकोस. रक्तदाबाची गोळी डब्याच्या झाकणात चिकटवली आहे. उदगीरच्या लोकांना मी खरं काय ते कळवलं. अजून उत्तर नाही.

माया आहे तशीच आहे, राग निवळला की कळेल.
उमादेवी


हरणखेडा
५ जुलै २०२३

ती. काकूंना,

शि. सा. न. वि. वि. काका काल दुपारच्या गाडीने निघाले, तुम्हाला हे पत्र मिळेपर्यंत ते पोचून जुने झालेले असतील. पण ते तुम्हाला नीट सांगणार नाहीत, म्हणून मी लिहितो.

रविवारी सकाळी साडेपाचला मी त्यांना नाल्यावर घेऊन गेलो. आखाडातला रविवार, म्हणजे गर्दी सांगायला नको. काका आधी दहा पावलं लांब उभे राहिले, नाकाला रुमाल. सरजाबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं आणि एक स्टूल पुढे सरकवलं. ते बसले. अर्धा तास नुसते पाहत होते. मग टेप काढली. टेपला दोन हात लागतात, त्यामुळे रुमाल खिशात गेला. तो नंतर बाहेर आला नाही.

काकू, त्यांनी काय काय मोजलं असेल? ठोकळ्याची उंची. सुरी वर जाते ती उंची. टांगलेला बोकड आणि जमीन यातलं अंतर. पाण्याच्या किती बादल्या लागतात. शेवटी म्हणाले की ओटा कोपराच्या जरा खाली हवा, नाहीतर कंबर जाते. बाईंनी डोळे मोठे केले. त्यांची कंबर गेलेलीच आहे. काकांनी त्यांना सरळ उभं राहायला सांगितलं आणि जमिनीपासून कोपरापर्यंत टेप धरली. बारा वर्षांपूर्वी ज्यांना टाळायला रोज रस्ता बदलला, त्यांच्यापुढे काका गुडघ्यावर बसलेले मी पाहिले. मशीन मध्येच शिट्टी मारायचं, बाई ओरडायच्या, गिऱ्हाइकं हसायची. ऐकू आलं नाही की बाई कोळशाने पत्र्यावर रेघ मारून दाखवायच्या, आणि काका तीच रेघ वहीत उतरवायचे.

मग त्यांनी आपणहून सांगितलं की ती इमारत मी बांधली. मला वाटलं आता बाई काहीतरी बोलतील. त्या एवढंच म्हणाल्या, "मंग ह्या खेपेला इचारलंत, बरं केलंत."

सोमवारी काका माझ्यासोबत साहेबांच्या केबिनमध्ये आले. हातात स्वतःच्या अक्षरातलं निवेदन. इमारत निरुपयोगी आहे, दोष नकाशाचा आहे, नकाशा माझा आहे, विक्रेत्यांचा असहकार झालेला नाही. खाली पूर्ण नाव. साहेबांची चिडचिड झाली. तिथेच बसलेल्या नगराध्यक्षांनी विचारलं की या म्हाताऱ्याचं आणि आमच्या निरीक्षकाचं आडनाव एकच कसं. मी सांगितलं की काका आहेत, आणि निवेदन आवक नोंदवहीत चढवून घेतलं. आता ते कागदाच्या ढिगात दाबता येत नाही. नवा अहवाल काल वर गेला. जागा योग्य करून देणं नगरपंचायतीकडे बाकी आहे, तोवर हटवण्याची कारवाई स्थगित. नाल्यावरच पाण्याचा टँकर आणि कचऱ्याची गाडी रोज द्यायची, हेही त्यात लिहून घेतलं.

तुमची अर्धी सही मी अहवालात घातली नाही. पण तुम्ही ती कळवलीत, म्हणून काकांवरचा माझा निम्मा राग उतरला. उरलेला त्यांनी स्वतः उतरवला.

काकांना दारात उभं करू नका, एवढंच मागणं.
शिवकुमार


लातूर
१३ जुलै २०२३

चि. शिवकुमारास,

अनेक उत्तम आशीर्वाद. तुझं काकूला आलेलं पत्र मी वाचलं. बायकांच्या पत्रात बरंच काही असतं, हे उशिरा कळलं.

तू दारात उभं करू नका असं लिहिलंस, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. मी घरी आलो आणि नेहमीच्या रिवाजाने उंबऱ्याच्या बाहेर थांबलो, म्हटलं आता पाण्याची बादली येईल. बराच वेळ कोणी आलं नाही. मग तुझी काकू आली, माझ्या हातातली पिशवी घेतली आणि म्हणाली, "आत या, चहा निवतोय." पिशवीत ती टेप होती, वासासकट. तिने ती देवघराशेजारच्या कोनाड्यात ठेवली. आमच्या लग्नाला एकोणपन्नास वर्षं झाली, ही बाई मला अजून कळलेली नाही.

मठात जाऊन अध्यक्षांना निवेदनाची प्रत दिली आणि म्हटलं की सत्कार करायचा तर हे वाचून करा. ते विचार करून कळवतो म्हणाले. अजून विचारच करून राहिले आहेत. पत्रिकांच्या मागच्या कोऱ्या बाजूवर मी नवा नकाशा काढला, त्या कामी आल्या. पक्की प्रत सोबत पाठवतो आहे. ओटे कोपराच्या खाली, उतार मागे, मागून झाकलेलं गटार, प्रत्येकाला नळ, वर लोखंडी नळी आणि आकडे, खाली खरखरीत फरशी, खिडक्यांना जाळी. टोपल्यांचे कप्पे बुजवून टाका, ते पाहून मला लाज वाटते.

मंजुरीला पाठवण्याआधी नकाशा एकदा तू तरी नीट वाच. कोपऱ्यातली चौकटसुद्धा. बाकी कोणी वाचणार नाही याची मला खात्री आहे.

जपून राहा, आणि माझ्यावरचा उरलासुरला राग असेल तर तो पत्रातच काढ.
वीरण्णा


हरणखेडा
१७ डिसेंबर २०२३

ती. काका आणि काकूंना,

शि. सा. न. वि. वि.

आज रविवारी मार्केट उघडलं. पाच महिन्यांत मी कितीदा राजीनामा लिहून फाडला ते मोजलेलं नाही. मंजुरीची फाईल दोनदा परत आली, एकदा तर जाळी कशाला हवी असा शेरा घेऊन. नगराध्यक्षांना फीत कापायची होती, पण आत दुर्गंधी असेल म्हणून ते बाहेरच मंडपात थांबले. दुर्गंधी नव्हती, अजून कोणी सुरीसुद्धा काढली नव्हती. नऊपैकी सहा जण आत आले. कोंबडीवाले तिघे अजून नाल्यावर आहेत, त्यांना पिंजऱ्यांची जागा पुरत नाही. म्हणजे माझं काम संपलं असं समजू नका.

आणि काका, तुमच्यासाठी तक्रार आहे. सरजाबाई डावखुऱ्या आहेत. तुम्ही त्यांचं कोपर मोजलंत, कंबर विचारलीत, पण सुरी कोणत्या हातात आहे ते आपण दोघांनीही पाहिलं नाही. नळ त्यांच्या चुकीच्या हाताला आला आहे. त्यांनी निरोप दिलाय की अभियंता साहेबांना म्हणावं, टेप घेऊन परत या. मी तुमच्या वतीने हो म्हणून टाकलं.

तुमची कोपऱ्यातली चौकट मी तेव्हाच वाचली होती, मुद्दामच कोणाला बोललो नाही. तुमचा अंदाज बरोबर निघाला. नकाशा सात टेबलांवरून फिरला, सात सह्या आणि तीन शिक्के झाले, आणि एकानेही ती वाचली नाही. आज मार्केटमध्ये मंजूर नकाशाची एक प्रत लावायची होती. दुसरी प्रत मी सरजाबाईंना दिली आणि ती चौकट वाचून दाखवली. नकाशा, वीरण्णा बिराजदार. मोजमाप, सरजाबाई.

त्यांनी मला ती पुन्हा वाचायला लावली. मग म्हणाल्या, "रेशन कार्ड सोडलं तर सरकारच्या कागदावर माजं नाव दोनदाच आलं, साहेब. एक तुमची नोटीस. अन् एक ह्ये."

मग त्यांनी पिशवीतून जूनमधली ती नोटीस काढली, घडी तशीच होती. नकाशाची घडी त्याच मापाची केली, दोन्ही कागद एकावर एक ठेवून परत पिशवीत घातले, आणि मला बाजूला व्हायला सांगितलं. मी त्यांच्या ओट्यासमोर गिऱ्हाइकाच्या जागी उभा होतो.

येताना काकूंनाही घेऊन या, त्यांचीही अर्धी सही आहे. माझ्यावर लोभ ठेवा, आणि त्यातला थोडा सरजाबाईंच्या वाट्याला राहू द्या.
तुमचाच,
शिवकुमार